अनोळखी इंग्रजी शब्दाचं माहेर शोधताना

वीसेक वर्षं माझ्या डोक्यात दोन वेगवेगळे शब्द सुखानं नांदत होते. एक पुस्तकात भेटणारा, ‘एपिटोम’. त्याचा अर्थ मला पक्का ठाऊक होता : एखाद्या गुणाचा मूर्तिमंत नमुना. दुसरा कानावर पडणारा, ‘इपिटमी’. तो रेडिओवर आणि मुलाखतींत यायचा, अर्थ अंदाजानं लागायचा. हे दोघे एकच आहेत हे कळलं, तेव्हा आधी हसू आलं आणि मग घाम फुटला. कारण पहिला शब्द मी चारचौघांत कितीतरी वेळा ठासून वापरला होता.

ही चूक आळसाची नाही, लिपीच्या सवयीची आहे. देवनागरीत बहुतेक वेळा लिहिलं तसं वाचलं की काम होतं. ‘चमचा’तला च आणि ‘चहा’तला च वेगळे आहेत, पण ते घरातच शिकून होतं, त्यासाठी कोणी कोश उघडत नाही. इंग्रजी स्पेलिंगकडे त्याच विश्वासानं गेलं की फसगत ठरलेली.

गंमत बघा. जे इंग्रजी शब्द मराठीनं कानानं उचलले, ते आपण अगदी बरोबर म्हणतो. एसटीच्या ‘डेपो’ला कोणी ‘डेपॉट’ म्हणत नाही, लग्नात ‘बुके’ देतात, ‘बुकेट’ नाही. ‘लेफ्टनंट’मध्ये फ चं अक्षर स्पेलिंगात कुठेच नाही, तरी आपल्या तोंडात तो आहेच. घसरतो तो डोळ्यांनी उचललेला शब्द. म्हणून खाली दिलेली सगळी पद्धत एवढ्यासाठीच आहे, की डोळ्यांनी आलेला शब्द जिभेवर जाण्याआधी कानातून जावा.

वही आणि पेन घेऊन बसा. स्पेलिंग मी अक्षर-अक्षर सांगणार आहे, ती तुम्ही रोमन लिपीत लिहा. हातानं लिहिलेलं जास्त टिकतं.

पायरी १ : शब्द घ्यायचा की सोडायचा, ते ठरवा

नवा शब्द दिसला की लगेच कोशाकडे धावू नका. परिच्छेद पुरा वाचा, अर्थाचा अंदाज बांधा आणि तो पेन्सिलीनं समासात लिहा. अंदाज चुकला तर उत्तम, चुकलेला अंदाज जास्त लक्षात राहतो.

मग स्वतःला विचारा : हा शब्द मी कधी बोलणार आहे का? काही शब्द फक्त वाचण्यापुरते असतात, त्यांचा अर्थ कळला की पुरे. आणि काही नुसते कौतुकाचे असतात. फुप्फुसांच्या एका विकाराचं ४५ अक्षरी नाव स्पर्धा परीक्षेच्या पुस्तकांत ‘सर्वांत लांब शब्द’ म्हणून छापतात. तो १९३५ च्या सुमारास अमेरिकेतल्या कोडीप्रेमींच्या संघटनेच्या अध्यक्षांनी मुळात लांबीसाठीच जुळवलेला शब्द. माझं मत विचाराल तर असले शब्द पाठ करणं म्हणजे रिकाम्या डब्यांची उतरंड रचणं. शिवाय ते म्हणायला सोपेच असतात, ग्रीक-लॅटिन तुकडे जोडून केलेले असल्यामुळे बरेचसे जसे दिसतात तसे वाचता येतात. जीभ अडखळते ती चार-पाच अक्षरी शब्दांवर. ‘क्यू-यू-ए-वाय’ लिहा बरं. याचा उच्चार ‘की’, किल्लीच्या इंग्रजी शब्दासारखाच. अर्थ, बोटी लागण्याचा धक्का.

पायरी २ : आधी ऐका

आता जवळजवळ प्रत्येक इंग्रजी कोशाच्या संकेतस्थळावर शब्दाशेजारी कर्ण्याचं चिन्ह असतं. बहुधा दोन असतात, एक ब्रिटिश आणि एक अमेरिकन. दोन्ही ऐका आणि एक निवडा. ‘लेफ्टनंट’ अमेरिकेत ‘लूटेनंट’ होतो. आपल्या सैन्यात ब्रिटिश वळण आहे, म्हणून आपलं ‘लेफ्टनंट’च बरोबर. एका वाक्यात लंडन आणि पुढच्या वाक्यात न्यूयॉर्क, असं मात्र करू नका.

कोशात नसलेलं नाव, आडनाव किंवा गाव असेल, तर ‘फोर्व्हो’ या संकेतस्थळावर त्या त्या भाषेच्या लोकांनी स्वतःच्या आवाजात म्हटलेले शब्द सापडतात. ‘यूग्लिश’वर शब्द टाकला की तो प्रत्यक्ष बोलला गेलाय असे व्हिडिओ नेमक्या त्या जागेवरून सुरू होतात. हे दुसरं मला फार आवडतं, कारण सुटा शब्द आणि वाक्यात पळणारा शब्द यांत फरक असतो. फोनमधल्या यंत्राच्या आवाजावर मात्र डोळे झाकून विश्वास ठेवू नका, अपरिचित नावांच्या बाबतीत तोही तुमच्यासारखाच स्पेलिंगावरून अंदाज करत असतो. आणि उच्चार शिकवणाऱ्या व्हिडिओंमध्ये निव्वळ थट्टेसाठी मुद्दाम चुकीचे उच्चार देणारेही आहेत, तेव्हा एकाच ठिकाणी ऐकून थांबू नका.

पायरी ३ : देवनागरीत लिहा, पण तिच्या मर्यादा ओळखून

शाळेत इंग्रजी शब्दांखाली मराठीत उच्चार लिहिला की बाई रागवायच्या. माझं उलट मत आहे. कोशातली आंतरराष्ट्रीय ध्वनिचिन्हं शिकलात तर फारच छान, पण तोवर देवनागरी हे भारी साधन आहे, विशेषतः मराठी वळणाची देवनागरी. इंग्रजीतल्या ‘व्ही’साठी ‘व्ह’ आणि ‘डब्ल्यू’साठी ‘व’, असा भेद आपण लिहिण्यात करतोच. ‘वाइन’ पिण्याची, ‘व्हाइन’ म्हणजे वेल. तसंच ॲ आणि ऑ. ‘बॅट’, ‘बॉल’ लिहिताना आपण या खुणा सहज वापरतो आणि २००९ च्या शासन निर्णयानं तर हे दोन स्वर मराठी वर्णमालेत अधिकृतपणे बसवले.

फक्त लिहिलं तसं बोला. बरेच जण ‘व्हेरी’ लिहितात आणि ‘वेरी’ म्हणतात. ‘व्ह’ला वरचे दात खालच्या ओठाला हलकेच टेकले पाहिजेत. ‘व’ला दात कुठेच लागत नाहीत, ओठांचा चंबू होतो. आरशासमोर पाच मिनिटं पुरतात.

आता देवनागरी कुठे दगा देते ते. एक, ‘झ’. ‘झू’ म्हणताना आपल्या झ मध्ये जीभ टाळूला टेकून सुटते, वर महाप्राणही असतो. इंग्रजीत ती टेकतच नाही. ‘सऽऽ’ असा लांब सूर धरा, बोटं गळ्यावर ठेवा आणि तसाच सूर धरून कंठ गुणगुणता करा. बोटांना थरथर जाणवली की तो आवाज सापडला. दोन, ‘थ’ आणि ‘द’. इंग्रजीत जीभ दातांच्या फटीत राहते आणि हवा घासत जाते. तीन, शब्दाच्या सुरुवातीचे प, ट, क. तोंडासमोर कागदाचा कपटा धरून ‘पिन’ म्हणा. इंग्रज माणसाचा कपटा हलतो, आपला हलत नाही, कारण प आणि फ, क आणि ख हे आपल्याकडे वेगळे वर्ण आहेत आणि हवेचा झोत आपण फ-ख साठी राखून ठेवलाय. म्हणून कधी कधी आपला ‘पिन’ त्यांना ‘बिन’ ऐकू येतो.

या तिसऱ्या गोष्टीनं मात्र झोप उडवून घेऊ नका. मराठी वळणाचं इंग्रजी हे इंग्रजीच आहे, स्कॉटलंडचं असतं तसं. आपल्याला वळण बदलायचं नाही, शब्द ओळखू यावा एवढंच पाहायचं आहे.

चौथी गोष्ट आपल्या फायद्याची. इंग्रजीत सर्वांत जास्त वेळा येणारा स्वर म्हणजे एक पुसट, निवांत ‘अ’. कोशात तो उलट्या ‘ई’ अक्षरानं दाखवतात. आपला ऱ्हस्व अ त्याच्या फार जवळचा आहे. पण स्पेलिंगात ‘ओ’ दिसला की आपण ‘ओ’ म्हणतो आणि ‘ए’ दिसला की ‘आ’, तिथे अडतं. आणि हा पुसट स्वर कुठे येतो, हे ठरतं पुढच्या पायरीवर.

पायरी ४ : जोर कुठे आहे, त्याची खूण करा

सगळी कसरत वगळून एकच पायरी करायची असेल, तर ही करा. मराठीत शब्दातल्या एका अवयवावर जोर दिल्यानं अर्थ बदलत नाही, त्यामुळे आपल्या कानाला त्याची सवयच नाही. इंग्रजी कान मात्र शब्द ओळखतो तोच जोरावरून. कोशात जोराच्या अवयवाआधी वर एक छोटी उभी रेघ असते. मी तीच इथे वापरते, तुम्ही वहीत अधोरेखा द्या.

ˈफो-ट-ग्राफ. मग फ-ˈटॉ-ग्र-फर. मग फो-ट-ˈग्रॅ-फिक. तीनही शब्द एकाच घरातले, जोर मात्र पहिल्यावरून दुसऱ्यावर आणि तिसऱ्यावर सरकतो, आणि जोर निघून गेला की उरलेले स्वर पुसट होतात. आपण तिन्हीकडे ‘फोटोग्राफ’ तसाच ठेवून पुढे शेपूट जोडतो. तसंच ‘डिटरमाइन’ नव्हे, डि-ˈटर्-मिन. ‘हॉटेल’ नव्हे, हो-ˈटेल. अर्थात हे इंग्रजी बोलताना. पोहे खायला हॉटेलातच जायचं.

आणि खुद्द ‘उच्चार’ या अर्थाचा इंग्रजी शब्द! क्रियापदात ‘नाउन्स’ आहे, पण नामात ‘नन्’ होतो : प्र-नन्-सि-ˈए-शन. स्पेलिंगातूनही एक ‘ओ’ गळतो. हा शब्द शिकवतानाच चुकीचा उच्चारलेला मी कितीदा ऐकलाय, आणि एके काळी म्हटलाही आहे.

खोडकर या अर्थाचा शब्दही तपासा : ˈमिस्-चि-व्हस. तीनच अवयव. ‘मिस्चीव्हियस’ म्हणणारे इंग्लंडातही आहेत, पण स्पेलिंगात तो जादा ‘आय’ नाहीच.

पायरी ५ : माहेर विचारा

शब्द कुठल्या घरून आला हे कळलं, की त्याच्या विचित्र वागण्याचा निम्मा उलगडा होतो. कोशातल्या नोंदीच्या शेवटी बारीक अक्षरांत व्युत्पत्ती असते. लोक ती सोडून देतात. मी तिथूनच सुरुवात करते.

फ्रेंच माहेरचे शब्द शेवटची व्यंजनं गिळतात. ‘सी-ओ-यू-पी’ म्हणजे सत्तापालट, उच्चार ‘कू’. ‘आर-ए-पी-पी-ओ-आर-टी’ म्हणजे सूर जुळणं, उच्चार रॅ-ˈपॉर. ‘सी-ओ-आर-पी-एस’ म्हणजे सैन्याचं दल, उच्चार ‘कोर’; एनसीसीतला शेवटचा ‘सी’ तोच. त्यातले पी आणि एस उच्चारलेत तर दलाचं प्रेत होतं, कारण शेवटी एक ‘ई’ असलेला ‘कॉर्प्स’ म्हणजे मृतदेह. डाव्या चळवळीच्या मराठी लेखनातला ‘बूर्झ्वा’ आठवा. स्पेलिंग भयंकर, पण मराठीत तो अचूक उतरलाय.

ग्रीक माहेरच्या शब्दांची तऱ्हा वेगळी. ते शेवटचा ‘ई’ मुका ठेवत नाहीत, ‘ई’ असाच उच्चारतात. ‘कॅटॅस्ट्रफी’ आपण बरोबर म्हणतो, मग ‘एपिटोम’ कसा म्हणू? तो इ-ˈपि-ट-मी. अतिशयोक्ती या अर्थाचा शब्द ‘हायपरबोल’ नाही, हाय-ˈपर्-ब-ली. ग्रीक शब्दांत ‘सीएच’चा उच्चार क : ˈके-ऑस म्हणजे गोंधळ, ˈकॅ-झम म्हणजे खोल दरी, आर्-कि-ˈपे-ल-गो म्हणजे द्वीपसमूह. सुरुवातीला ‘पीएस’ किंवा ‘पीएन’ असेल तर पी मुका. सायकॉलॉजी आणि न्यूमोनिया आपल्याला माहीतच आहेत.

तिसरा गट पंडितांनी बिघडवलेला. कर्जाच्या ‘डेट’मध्ये बी का? शब्द जुन्या फ्रेंचमधून आला तेव्हा बी नव्हता. पुढे विद्वानांना लॅटिन मूळ दाखवायची हौस आली आणि त्यांनी तो खोचला. लिहिणाऱ्यांनी मान्य केला, बोलणाऱ्यांनी नाही. पावतीच्या ‘रि-ˈसीट’मधला पी तसाच. बेटाच्या ‘आयलंड’मधला एस तर चुकीच्या नात्यानं आला : मूळ जुना इंग्रजी शब्द स-विरहित, पण त्याच अर्थाच्या दुसऱ्या, फ्रेंचमधून आलेल्या शब्दाशी त्याची सोयरीक लावून टाकली. ‘प्लंबर’मधला बी मात्र खरा वारस आहे. लॅटिनमध्ये शिशाला ‘प्लुंबुम’ म्हणत, नळ शिशाचे असत. तरी इंग्रजीत तो मुकाच, उच्चार ˈप्ल-मर. इथे मात्र मराठी ‘प्लंबर’ डोळ्यांनी आलाय.

‘सी-ओ-एल-ओ-एन-ई-एल’ची कथा सगळ्यांत मजेदार. इटालियन ‘कोलोनेल्लो’ फ्रेंचांच्या तोंडी ‘कोरोनेल’ झाला. इंग्रजीत काही काळ दोन्ही रूपं चालली. शेवटी लिहिण्यात ल जिंकला आणि बोलण्यात र. आपण ‘कर्नल’ म्हणतो, म्हणजे कानानंच घेतलाय.

आणि काही शब्दांचं माहेर आपल्याच अंगणात निघतं. ‘मॉङ्गूस’ हा मराठी ‘मुंगूस’ वरून गेलेला. म्हणूनच त्याचं अनेकवचन करताना हंसाच्या इंग्रजी शब्दासारखं ‘गीस’ करायचं नाही, ‘मॉङ्गूसिझ’च, शेवटचा ‘गूस’ हा हंस नाहीच मुळी. ‘डङ्-ग-ˈरीझ’ म्हणजे छातीपर्यंत येणारी कामकऱ्याची तुमान. मुळात ते जाडंभरडं सुती कापड, आणि त्याचं नाव मुंबईतल्या डोंगरीवरून पडल्याचं सांगतात.

गावांच्या नावांना तर नियमच नाही, ती पाठच करायची : ग्रेनिच, लेस्टर, वूस्टर, एडिनबरा. क्रिकेटचं समालोचन ऐकत मोठे झालेले यात सहसा चुकत नाहीत.

पायरी ६ : अर्थ, पण पहिलाच नव्हे

कोशातला पहिला अर्थ उचलून निघून जाऊ नका. अमेरिकेतला मेरियम-वेबस्टर कोश अर्थ कालक्रमानं देतो, म्हणजे पहिला अर्थ सर्वांत जुना असतो, आजचा असेलच असं नाही. अर्थाआधी तिरप्या अक्षरांत असलेली सूचना वाचा : जुनाट, औपचारिक, बोली, अपमानकारक, फक्त ब्रिटिश. ही सूचना न वाचता शब्द वापरणं म्हणजे मयताला भरजरी शालू नेसून जाणं.

फसवे शब्द दोन प्रकारचे. पहिले, दिसण्यावरून फसवणारे. ˈए-नर्-व्हेट हा ‘एनर्जी’चा भाऊ वाटतो, पण अर्थ नेमका उलटा, शक्ती काढून घेणं. वैशाखातली दुपार करते ते. ‘इन्फ्लेमेबल’ म्हणजे न पेटणारं नव्हे, चटकन पेटणारं. ‘डिसइंटरेस्टेड’ म्हणजे काटेकोर लिहिणाऱ्यांच्या लेखी निःपक्षपाती, ज्याचा हितसंबंध गुंतलेला नाही असा. कंटाळलेला माणूस ‘अनइंटरेस्टेड’.

दुसरे, समुद्र ओलांडला की उलटणारे. ‘टेबल’ हे क्रियापद ब्रिटनमध्ये आणि आपल्याकडे ‘चर्चेसाठी मांडणं’ या अर्थी आहे. विधिमंडळाच्या बातम्यांतलं ‘पटलावर ठेवणे’ त्याच जातीचं. अमेरिकेत त्याचा अर्थ विषय बाजूला सारणं. अमेरिकन ग्राहकाला पत्र लिहिताना हा शब्द टाळाच. ‘मूट’चंही तसंच. वकिलीच्या महाविद्यालयांत ‘मूट कोर्ट’ असतं, तिथे वाद घालण्याजोगा हा जुना अर्थ टिकून आहे. अमेरिकेत ‘मूट पॉइंट’ म्हणजे ज्यावर वाद घालण्यात आता अर्थ उरलेला नाही असा मुद्दा.

अर्थ लिहिताना वाक्यभर व्याख्या लिहिण्याआधी मराठीत एकच शब्द आहे का, ते पाहा. ‘पेट्रिकॉर’ हा शब्द ऑस्ट्रेलियातल्या दोन शास्त्रज्ञांनी, इझाबेल बेअर आणि रिचर्ड थॉमस यांनी, १९६४ साली ग्रीक तुकड्यांतून घडवला : ‘पेट्रा’ म्हणजे खडक आणि ‘आयकॉर’ म्हणजे देवांच्या धमन्यांतला द्रव. कोरड्या जमिनीवर पहिला पाऊस पडल्यावर येणारा वास. समाजमाध्यमांवर दर जूनमध्ये हा शब्द उगवतो आणि खाली लोक लिहितात, ‘याला आपल्याकडे शब्दच नाही.’ मृद्गंध म्हणा की!

याउलट काही अर्थांना खरोखरच मराठी शब्द नाही. ‘डी-फे-नि-ˈस्ट्रे-शन’ म्हणजे माणसाला खिडकीतून बाहेर फेकणं. लॅटिनमध्ये खिडकीला ‘फेनेस्त्रा’ म्हणतात. १६१८ साली प्रागमध्ये सम्राटाच्या दोन प्रतिनिधींना आणि त्यांच्या चिटणिसाला असं फेकलं. तिघंही वाचले, पण त्यातून पेटलेलं युद्ध तीस वर्षं चाललं. राजकारणात एखाद्याला पदावरून उचलून फेकलं, तरी हा शब्द वापरतात. इथे मराठी प्रतिशब्द घडवत बसू नका, गोष्ट लक्षात ठेवा.

पायरी ७ : वहीतली नोंद

आठवड्याला पाच शब्द. जास्त नको. प्रत्येकाला अर्धं पान द्या, दुसऱ्या दिवशी आणि मग आठवड्यानं पान झाकून मोठ्यानं म्हणा. आवाज फोनवर ध्वनिमुद्रित करून कोशातल्या आवाजाशेजारी लावून ऐकलात तर स्वतःची खोड स्वतःलाच सापडते. पहिल्यांदा लाज वाटते, ती दोन दिवसांत जाते. माझ्या वहीतलं एक पान नमुना म्हणून :

स्पेलिंग : डी-ओ-ओ-एल-ए-एल-एल-वाय.

उच्चार : डू-ˈलॅ-ली. जोर मधे.

कुठे भेटला : एका ब्रिटिश मालिकेत, सासूबद्दल.

माझा अंदाज : गोड, लाडीक. साफ चुकला.

अर्थ : डोकं फिरलेला, भ्रमिष्ट. बोलीतला, मुख्यतः ब्रिटिश. ‘गो’ या क्रियापदाबरोबर येतो.

माहेर : नाशिकजवळची देवळाली. तिथे ब्रिटिश सैन्याची छावणी होती. मायदेशी जाणाऱ्या बोटीची वाट बघत शिपाई महिनोन्महिने उन्हात पडून राहायचे आणि सैरभैर व्हायचे. पूर्वी ‘डूलॅली टॅप’ म्हणत. टॅप म्हणजे आपला ताप.

मराठीत : ‘येड लागलं’ जवळचं.

वापर : जवळच्या माणसांत, थट्टेत. खऱ्या आजारी माणसाबद्दल कधीच नाही. आणि देवळालीच्या मामांसमोर म्हणताना आधी गोष्ट सांगायची, मग शब्द.